खारीसाठी औषध ठेवण्याआधी

आठवडाभरापासून आमच्याकडच्या संत्रा बागायतदारांच्या मोबाइलवर एक मजकूर फिरतो आहे. "खार म्हणजे झाडावर चढलेला उंदीर. उंदरासारखीच वाढते, रात्रीतून बाग फस्त करते, चावली की रेबीज, मग पोटात 14 इंजेक्शनं. तिच्या पिलाला माणसाचा हात लागला की मायही त्याला टाकते. दिसेल तिथे उंदराचं औषध ठेवा." वरूडकडच्या पुतण्याने तो मला पाठवला आणि खाली विचारलं, "काकू, कोन्तं औषध आनू?" म्हणून हे लिहिते आहे.

नातं खोटं नाही. खार आणि उंदीर दोघंही कृंतक, म्हणजे कुरतडणारे. पुढचे दात जन्मभर वाढतात. समोरून कठीण एनॅमल, मागे मऊ थर, म्हणून झिजता झिजता पटाशीसारखी धार लागते. पण दोघांची घराणी वेगळी होऊन 5 कोटींहून जास्त वर्षं झाली. साळिंदरही कृंतकच, त्याला आपण उंदीर म्हणतो का? आणि जिला सगळे उंदीर समजतात ती चिचुंदरी कृंतक नाहीच, ती किडेखाऊ. आपल्या राज्याचा प्राणी शेकरू, तीही खारच.

वाढीचं म्हणाल तर घरातली उंदराची मादी तीन आठवड्यांत विते, एका वेळी पाच-सहा, कधी आठ पिलं. अंगणातली पाच पट्ट्यांची खार सहा आठवडे गर्भ वाहते आणि पिलं बहुधा दोन-तीन.

आता बाग. खार दिवसाचा प्राणी आहे. दिवस मावळला की ती खोप्यात जाते, ती उजाडल्यावरच बाहेर येते. रात्रीतून बाग तिने फस्त केली हे होऊच शकत नाही. सकाळी झाडाखाली संत्र्यांचा सडा दिसला तर एक फळ उचला. सुईने टोचल्यासारखं छिद्र, भोवती मऊ तपकिरी डाग, दाबलं की रस बाहेर येतो? मग तो रस शोषणारा पतंग. अंधार पडल्यावर बॅटरी घेऊन बागेत फिरा, फळावर बसलेला सापडेल. त्याच्या अळ्या धुऱ्यावरच्या, म्हणजे शेताच्या बांधावरच्या, गुळवेल-वासनवेलीवर वाढतात, बंदोबस्त तिथे करायचा. खारीने खाल्लेल्या फळाची साल ओरबाडलेली असते, आत गर उघडा पडतो आणि कडेला दातांच्या जोडखुणा दिसतात. अशी फळं आमच्याही बागेत निघतात, ठिबकच्या नळ्याही ती कुरतडते. उन्हाळ्यात धुऱ्यावर पाण्याची गाडगी ठेवायला लागल्यापासून आमच्या नळ्यांचं नुकसान कमी झालं.

पण औषध? उंदराचं काळं औषध म्हणजे झिंक फॉस्फाइड. पोटातल्या आम्लात त्याचा फॉस्फिन वायू होतो आणि त्यावर उतारा नाही. ते उंदराच्या बिळात खोल टाकून बीळ बुजवायचं असतं. झाडाच्या बेचक्यात ठेवलेली गोळी साळुंकी खाते, खाली पडली तर कोंबडी खाते. धुऱ्यावर खेळणाऱ्या लेकराच्याही ती हाती लागते. पुतण्याला मी हेच आधी कळवलं.

रेबीज खार-उंदरांत जवळजवळ आढळतच नाही. चावलीच तर साबण लावून वाहत्या पाण्याने जखम धुवा, डॉक्टरला दाखवा, धनुर्वाताचं इंजेक्शन लागेल. कुत्रं चावलं तर मात्र तासभरही थांबू नका. पोटातली इंजेक्शनं जुन्या लशीची होती. ती लस भारतात 2004 नंतर वापरात नाही, आता लस दंडात देतात. आजाराची भीती घालायचीच तर 2018 सालचा स्क्रब टायफसचा ताप आठवा. उंदीर-घुशींच्या अंगावर आणि गवत-झुडपांत राहणाऱ्या माइट नावाच्या बारीक जिवाच्या अळ्या चावून तो होतो, नागपूरसह विदर्भात त्या वर्षी माणसं दगावली.

पिलाला हात लागला की माय टाकते, हे त्या मजकुरातलं वाक्य मला सगळ्यांत घातक वाटतं, कारण ते दयाळू लोकांना फसवतं. माय घेणार नाही म्हणून पिलू घरी आणतात, ड्रॉपरने गाईचं दूध पाजतात. त्याने हगवण लागते, किंवा दूध फुप्फुसात उतरतं आणि पिलू मरतं. प्रयोगशाळेत उंदरांची पिलं रोज हातात घेऊन परत ठेवतात. आई त्यांना टाकत नाही, उलट जास्तच चाटते. खोपा सारखा उचकला तर खार पिलं दुसऱ्या खोप्यात हलवते, एवढंच.

मागच्या वैशाखात वादळाने गोठ्याची कवेलू उडाली आणि खोपा खाली आला. दोन पिलं, डोळे मिटलेले, पाठीवर पट्ट्यांच्या पुसट रेघा. जाऊबाई ओरडल्या, "हात नोको लावू वं, माय घेत नाई मंग!" मी हातानेच उचलली, अंग कोमट होतं. टोपलीत घरचा कापूस पसरला, पिलं ठेवली, टोपली कडुनिंबाच्या फांदीला बांधली, मांजर घरात कोंडलं आणि आम्ही दोघी ओसरीत बसलो. तासाभराने ती आली. आधी शेपटी झटकत चिक-चिक-चिक असा इशारा, मग टोपलीत. पिलाच्या पोटाची कातडी तोंडात धरली, पिलाने तिच्या मानेभोवती विळखा घातला आणि ती सरळ खोडावर चढली. थोड्या वेळाने दुसरं नेलं. मग तिसऱ्यांदा आली. रिकामी टोपली हुंगली, कापसाचा एक पुंजका तोंडात धरला आणि तोही घेऊन गेली.