विहीणबाईला इंग्रजीत शब्द नाही

गेल्या दिवाळीपासून मी कोरियन पुस्तकं वाचतेय. सुरुवात लेकीमुळे झाली. कोरियन मालिका बघता बघता ती ऑनलाइन कोरियन शिकायला लागली आणि घरात बसून ती कुठल्या जगात वावरतेय हे मला कळेनासं झालं. मालिकांमधून मला दिसायचे ते गुळगुळीत चेहरे, चकचकीत रस्ते आणि पावसात एका छत्रीखाली उभं राहिलेलं जोडपं. मी तसं बोलून दाखवल्यावर तिने एक लहानसं पुस्तक माझ्या हातात ठेवलं. "आई, हे वाच, मग बोलू." चो नाम-जू या लेखिकेची 'किम जी-यंग, बॉर्न १९८२' ही ती कादंबरी.

हे पुस्तक कोरियात २०१६ मध्ये आलं आणि दोनच वर्षांत दहा लाखांच्या वर खपलं. जी-यंग हे त्या पिढीतल्या मुलींचं अगदी सर्रास आढळणारं नाव, आपल्याकडे एका वर्गात तीन-तीन सुनीता असायच्या तसं. शिकलेली, नोकरी केलेली, मूल झाल्यावर नोकरी सोडलेली एक साधी बाई. तिच्या गोष्टीत खून नाही, मारहाण नाही. तरीही एका लोकप्रिय गायिकेने २०१८ मध्ये आपण हे पुस्तक वाचलंय एवढंच सांगितलं, तर तिच्या काही चाहत्यांनी तिचे फोटो जाळले, फाडले. मला आधी कळेना की इतकं चिडण्यासारखं यात आहे काय. मग त्या बागेतल्या प्रसंगापाशी आले. जी-यंग लेकीला बाबागाडीत घेऊन बाहेर पडते, पंधराशे वॉनची कॉफी घेते आणि बाकावर टेकते. आपल्याकडचे शंभर रुपये म्हणा. शेजारी बसलेले ऑफिसातले पुरुष तिला ऐकू जाईल असं तिला 'मॉमचुंग' म्हणतात, म्हणजे नवऱ्याच्या जिवावर मजा करणारी आई-किडा. 'चुंग' म्हणजे किडा. पुस्तक मिटून मी थोडा वेळ तशीच बसले. २०२३ मध्ये कोरियात एका बाईमागे सरासरी ०.७२ मुलं, हा आकडा मी बातम्यांत वाचला होता. त्या बाकावरून तो आकडा वेगळाच दिसतो.

पण मला आज बोलायचंय ते दुसऱ्या एका प्रसंगाबद्दल.

छुसक हा कोरियन लोकांचा सुगीचा मोठा सण, चांद्र वर्षाच्या आठव्या महिन्यातल्या पौर्णिमेचा. आपल्या पंचांगात बघाल तर कधी भाद्रपदातली पौर्णिमा, कधी कोजागिरी. अख्खं सोल रिकामं होतं, माणसं गावी जातात, पितरांना पान वाढतात आणि ते पान रांधायला सुना उभ्या असतात. जी-यंग सणाला बुसानला सासरी गेलेली आहे, पदर खोचून राबतेय. तेवढ्यात नणंद नवऱ्या-मुलांसकट येते, म्हणजे तिचं माहेरपण सुरू. आणि जी-यंग एकदम स्वतःच्या आईच्या आवाजात, आईच्या ढंगाने सासूशी बोलायला लागते. म्हणण्याचा अर्थ असा की दर सणानंतर आमची पोर अंथरूण धरते, आणि तुमची लेक घरी आली की आमच्या लेकीलाही आमच्याकडे पाठवत जा.

मी हे इंग्रजीत वाचलं. अंगावर काटा आला, पण काहीतरी बिनसल्यासारखं वाटत राहिलं. लेकीने मूळ कोरियन पान उघडलं. तिथे जी-यंग सासूला हाक मारते 'साबुइन'. लेक शब्दकोशातला अर्थ वाचत होती, "मुलाची किंवा मुलीची सासू, तिला तिच्या व्याह्यांकडच्या मंडळींनी मारायची हाक..." आणि मी तिला मध्येच थांबवलं. "अगं, विहीणबाई!"

एका हाकेत सगळा प्रसंग उलगडतो. सून सासूला विहीणबाई म्हणते, त्या क्षणी ती सून उरलेलीच नसते, तिची आई दारात येऊन उभी राहिलेली असते. इंग्रजीत विहिणीला शब्दच नाही. भाषांतरकाराने काय करावं बिचाऱ्याने? कितीही गुणी असला तरी त्याला वळसा घालूनच जावं लागणार. मराठीत तो वळसा लागत नाही.

मग आम्हा दोघींना नादच लागला. नणंदेला कोरियनमध्ये शब्द आहे, शिनुइ. जावेला आहे, तोंगसो. थोरल्या सुनेला वेगळा आहे, कारण पितरांचं सगळं तिच्या अंगावर. माहेराला आहे, छिनजंग. सासरला शिजिप. आणि शिजिपसारी, शब्दशः 'सासरचं राहणं', पण त्याचा खरा अर्थ तुम्हाला मी सांगायला नको. सासुरवास. नव्या सुनेने तीन वर्षं बहिरं, तीन वर्षं मुकं आणि तीन वर्षं आंधळं होऊन राहावं अशी तिकडची जुनी म्हण आहे. सासुरवासाची लोकगीतंही आहेत. त्यातल्या एकात धाकटी चुलत बहिणीला विचारते, सासर कसं आहे गं, आणि थोरली म्हणते, विचारू नकोस, मिरची तिखट म्हणतात, पण सासुरवास तिच्याहून तिखट. हे ऐकलं आणि मला माझ्या आजीचं जातं आठवलं. आपल्याकडच्या एक लाखाहून जास्त ओव्या अभ्यासकांनी गावोगाव फिरून जमवून ठेवल्यात. त्यांत ही ओवी मिसळली तर कुणाला ती परदेशी वाटणार नाही.

म्हणून माझं म्हणणं स्पष्ट आहे. कोरियन पुस्तकं आपण इंग्रजीतून वाचतो तेव्हा दोन शेजारणींनी तिसरीच्या तोंडून बोलावं तसं होतं. ही पुस्तकं मराठीत यायला हवीत, आणि जमेल तिथे थेट कोरियनमधून.

दुसरं उदाहरण देते, कारण मला नुसत्या नात्यांच्या शब्दांवर थांबायचं नाही. शिन क्यंग-सुक यांची 'प्लीज लुक आफ्टर मॉम' ही कादंबरी, मूळ कोरियन २००८ ची, पुढे मॅन एशियन साहित्य पुरस्कार मिळालेली. गावाकडून मुलांना भेटायला आलेली म्हातारी आई सोल स्टेशनच्या भुयारी रेल्वेत चुकते. नवरा डब्यात चढतो, मागे वळून बघतो तर बायको नाही. आयुष्यभर तो पुढे आणि ती मागे, असंच चालत आलेले असतात. मुलं 'हरवली आहे'चं पत्रक करायला बसतात. जन्मतारीख काय घालायची? मुलगी १९३८ लिहिते, बाप म्हणतो नाही, ती ३६ ची. कागदोपत्री ३८, खरी ३६, आणि हे मुलांना तोवर माहीत नसतं.

हे वाचताना माझे हात थांबले. माझ्या आईच्या आधारकार्डावर १ जून आहे. मास्तरांनी शाळेत घातलेली तारीख. खरी कुठली म्हणून मी तिला कधी विचारलंच नव्हतं. त्या रात्री फोन करून विचारलं. म्हणाली, "नागपंचमीच्या आदल्या दिवशी, असं माझी आई सांगायची. साल काय की बाई." मी आता पन्नाशी ओलांडलीय. इतक्या वर्षांत तिच्या एकाही वाढदिवसाला आमच्यातल्या कुणाला हे विचारावंसं वाटलं नाही. त्या कादंबरीतही वडिलांच्या वाढदिवसालाच माझाही करा, दोन-दोनदा कशाला, असं आईच म्हणते, आणि हळूहळू तिचा दिवस सगळ्यांच्या विस्मरणात जातो.

आता भाषेची गंमत बघा. ही कादंबरी पुष्कळशी समोरच्या माणसाला उद्देशून लिहिलेली आहे. लेखिका मुलीशी बोलते तेव्हा मूळ कोरियनमध्ये 'नो' आहे, म्हणजे 'तू'. म्हाताऱ्या नवऱ्याशी बोलते तेव्हा 'तांगशिन', म्हणजे आपलं 'तुम्ही'च्या जवळचं. इंग्रजीत दोन्ही ठिकाणी 'यू'. मुलीच्या काळजाला हात घालणारा तो 'तू' आणि नवऱ्याला अंतरावरून जाब विचारणारं ते 'तुम्ही', दोन्ही एकाच रंगात रंगून जातात. मालिका बघणाऱ्या पोरींना विचारा, दोन माणसं पहिल्यांदा अहो-जाहो सोडून अरे-तुरेवर येतात तो प्रसंग तिथे किती मोठा असतो. कोरियनमध्ये त्याला 'बोलणं खाली ठेवणं' म्हणतात. हातातलं ओझं उतरवून ठेवावं तसं. आपल्याला हे समजावून सांगावं लागत नाही. आपल्याकडेही लग्न ठरल्यावर पहिलं 'अरे' कधी म्हणायचं यात महिने गेलेले आहेत.

सगळंच जुळतं असं मात्र मी म्हणत नाही. कोरियन क्रियापदाला लिंग नसतं, शिवाय वाक्यातला कर्ताही पुष्कळदा गाळलेला असतो. कोण आलं ते संदर्भावरून ओळखायचं. मराठीत 'आला' किंवा 'आली' लिहावंच लागतं, म्हणजे जिथे लेखिकेने मुद्दाम झाकून ठेवलंय तिथे भाषांतरकाराची पंचाईत. हान कांग यांच्या 'द व्हेजिटेरियन'ला २०१६ मध्ये इंटरनॅशनल बुकर मिळालं, तेव्हा तिच्या इंग्रजी भाषांतरावर कोरियात खूप वाद झाला. वाक्यं भलत्याच माणसाच्या तोंडी गेली, हाताच्या जागी पाय आला, अशा चुका लोकांनी दाखवल्या. तरीही ते भाषांतर झालं म्हणून जग ती कादंबरी वाचू शकलं. २०२४ मध्ये त्यांना नोबेल मिळालं आणि काही दिवसांतच त्यांच्या पुस्तकांच्या दहा लाखांवर प्रती कोरियातच विकल्या गेल्या. चुकेल म्हणून कामच हाती घ्यायचं नाही, हे मला पटत नाही.

आणि काही गोष्टी तर आपल्याहून अगदी उलट्या आहेत. कोरियन बाई लग्नानंतर आडनाव बदलत नाही. आपल्याकडे तांदळाच्या ताटात अंगठीने नाव लिहून पोरीचं पाळण्यातलं नावसुद्धा बदललेलं मी डोळ्यांनी पाहिलंय. पण तिकडे मुलाला आडनाव बापाचंच. आईचं द्यायचं असेल तर लग्नाची नोंद करतानाच तसं कागदावर लिहून द्यावं लागतं. जी-यंग आणि तिचा नवरा त्या रकान्यापाशी थोडं थांबतात आणि 'नाही'वर खूण करतात. माझ्या मते पुस्तकातली ही सगळ्यात शांत आणि सगळ्यात जड जागा आहे.

ज्यांना शहर, घर, भाडं यांत रस आहे त्यांनी चो से-हुई यांचं १९७८ चं 'द ड्वॉर्फ' वाचावं. सोलमधली झोपडपट्टी पाडायची नोटीस येते, बदल्यात नव्या इमारतीतल्या फ्लॅटचा हक्क मिळतो, पण वरचे पैसे भरायची ऐपत नाही म्हणून माणसं तो हक्कच दलालाला विकून टाकतात. मुंबईच्या वाचकाला यात एकही टीप लागणार नाही. तिकडच्या 'जॉनसे' पद्धतीलाही नाही. मोठी रक्कम घरमालकाकडे ठेवायची, दरमहा भाडं नाही, सोडताना रक्कम परत. हे तर आपलं हेवी डिपॉझिट.

सध्या मी पाक वान-सो वाचतेय. जन्म १९३१, पहिली कादंबरी चाळिशीच्या उंबरठ्यावर. 'हू एट अप ऑल द शिंगा?' हे त्यांच्या बालपणावरचं पुस्तक. कॅसंगजवळच्या खेड्यात वाढलेली पोर. विधवा आई तिला 'नवी स्त्री' करायची म्हणून सोलला आणते, डोंगरउतारावरच्या दाटीवाटीच्या वस्तीत राहते आणि लोकांचं शिवणटिपण करून शिकवते. राज्य जपान्यांचं, शाळा जपानी. शिंगा ही रानात आपोआप उगवणारी आंबट देठाची वनस्पती. गावची पोरं ती सोलून खायची. शहरातल्या डोंगरावर पोरगी शिंगा शोधते, मिळत नाही. तिथली मुलं बाभळीसारख्या एका झाडाची फुलं खातात, ती खाऊन हिला मळमळतं. एका आंबट देठासाठी जीव कासावीस होतो आणि त्यातून सगळं हरवलेलं गाव दिसतं. रानात आंबुशी खाल्लेल्या कुणालाही हे वेगळं सांगायला नको.

आता खरी अडचण. हे सगळं ज्यांच्या काळजाला सगळ्यात आधी भिडेल त्या बायका इंग्रजी वाचत नाहीत. माझी आई चौथी शिकलेली, रोज भिंग घेऊन पेपर वाचते. तिला मी जी-यंगचा तो सणाचा प्रसंग तोंडी मराठीत सांगितला. ती मेथी निवडत होती. 'विहीणबाई' आलं आणि तिचे हात थांबले. मी गप्प झाल्यावर तिने विचारलं, "मग? पाठवलं का तिला?"

नाही पाठवलं. सासरे संतापले, नवऱ्याने घाईघाईने तिला उठवून गाडीत बसवलं. आई काहीच बोलली नाही. उरलेली मेथी निवडली. संध्याकाळी मात्र म्हणाली, "त्या पोरीचं पुढचं उद्या सांग."

सोलमध्ये कोरियन साहित्याच्या भाषांतरासाठी सरकारी संस्था आहे, १९९६ पासून. परदेशी प्रकाशकांना ती भाषांतरासाठी अनुदान देते. रांजणगाव, तळेगाव, माणगाव, आपल्या अंगणात कोरियन कारखाने आहेत. कोरियन शिकणारी मराठी मुलं-मुली आहेत, आणि त्यांतली बहुतेक दुभाष्याच्या नोकरीसाठी शिकतायत, त्यात वावगं काहीच नाही. पण त्यांतल्या दोघा-तिघांनी जरी एकेक कादंबरी हाती घेतली आणि एखाद्या मराठी प्रकाशकाने त्यांना नीट मानधन देऊन, चांगला संपादक देऊन दोन वर्षांचा वेळ दिला, तर काम उभं राहील. माझ्या गावच्या वाचनालयात या लेखिकांचं एकही पुस्तक मराठीत नाही. मी ग्रंथपालांना लेखी मागणी दिलीय. तुमच्या वाचनालयात असेल तर खाली पुस्तकाचं नाव आणि भाषांतरकाराचं नाव लिहा. मला ती पुस्तकं हवी आहेत, आईसाठी, मोठ्या टायपात असली तर फारच उत्तम.