पोर्टमध्ये टॉर्च मारून बघायला काय जातं तुमचं?

फोन चार्ज होत नाही म्हणून काउंटरवर ठेवला की ह्या मोबाइल रिपेअरवाल्यांच्या तोंडातून पहिला शब्द 'बोर्ड'च का निघतो हे मला कुणीतरी सांगा. फोन हातात घेतला, त्यांच्याकडची केबल लावली, स्क्रीनवर काय आलं नाही, की झालं, 'बोर्डला काम हाय, ठेवून जावा'. अरे पण ज्या छिद्रात केबल जाते त्या छिद्रात, म्हणजे पोर्टमध्ये, एकदा तरी डोकावलास का बाबा? नाही. डायरेक्ट हजारांची भाषा.

आमचे अप्पा टॉवेलच्या कारखान्यात लूमवर आहेत, अक्कलकोट रोड एमआयडीसीत. ज्यांनी लूमचा कारखाना आतून बघितलाय त्यांना सांगायला नको, कापसाची बारीक लव हवेत सारखी उडत असते, पापण्यांवर बसते, कानात जाते, घरी येऊन शर्टाचा खिसा उलटा करून झटकला तरी शिवणीत राहतेच. आणि त्याच खिशात दिवसभर फोन. सोलापुरात असे हजारो खिसे आहेत. मग इथल्या मोबाइल रिपेअरवाल्याला तरी पहिला संशय कशाचा यायला पाहिजे?

अप्पांच्या फोनचं आधी फास्ट चार्जिंग गेलं. मग केबल जरा वाकडी धरली तरच चार्ज व्हायला लागला, मग त्यावर रबरबँड बांधून उशाखाली ठेवायचा, आणि एक दिवस ठार बंद. आता फोन बंद म्हणजे काय नुसती करमणूक बंद नाही ना हो, बँकेचा ओटीपी त्यावर, गॅसचा नंबर त्यावर, मालकाचा फोन त्यावर, नळाला पाणी कधी सोडणार हा मेसेजसुद्धा गल्लीच्या ग्रुपवरच येतो. माणूस पार अडकून बसतो.

नवी पेठेत दाखवला. एकजण म्हणला चार्जिंग पट्टी, म्हणजे पोर्ट बसवलेला आतला छोटा बोर्ड, गेली. दुसरा म्हणला पट्टी नाही, आयसी म्हणजे बोर्डवरची चिप उडालीय. तिसऱ्यानं तर न उघडता 'पाण्यात पडला होता का' म्हणून अप्पांनाच दमात घेतलं, ते बिचारे नाही नाही म्हणत राहिले. मग म्हणलं जाऊ दे, कंपनीच्या सर्व्हिस सेंटरला जाऊ, तिथं तरी शिकलेली माणसं असतील. तिथं टोकन घ्या, बसा, तपासायचे पैसे आधी भरा, आणि मग त्या पोरानं आत नेऊन आणला आणि सांगितलं की मदरबोर्ड बदलावा लागेल, डेटा सगळा जाईल, इथं सही करा. खर्च किती, तर जवळजवळ नवीन फोन येईल इतका. म्हणजे 'नवीनच घ्या ना मग' हे त्याला म्हणायचंच होतं, आणि तो म्हणलाच! त्या फोनमध्ये आमच्या आजीचे फोटो आहेत, जे दुसरीकडं कुठंच नाहीत, अप्पांना कुठला बॅकअप आणि कुठलं काय. त्यांनी पेन हातात घेतलं होतं सही करायला. मी फोन उचलला आणि बाहेर आले.

रात्री घरी लाइटखाली बसून दुसऱ्या फोनचा टॉर्च पोर्टमध्ये मारला. आतल्या भिंतीचा चकचकीत पत्रा दिसायला पाहिजे ना, तर तिथं पांढरट करडा थर. फोन बंदच होता, लाकडी टूथपिक घेतली, पोर्टच्या मधल्या जिभेला धक्का न लावता कडेकडेनं हळूच ओढलं, आणि बाहेर काय आलं तर गादीतल्या जुन्या कापसासारखा दाबून घट्ट झालेला गोळा, त्यात एक निळा धागा, टॉवेलच्या काठाचा असतो ना तोच निळा. मग दुसऱ्या बाजूनं अजून एक. केबल घातली तर 'टक' आवाज येऊन पूर्ण आत बसली आणि स्क्रीनवर बॅटरीचं चित्र. आयसी नाही, पट्टी नाही, मदरबोर्ड नाही. कापूस!

आणि ह्यात काय लै मोठं शास्त्र नाही हो. टाइप-सी पोर्टच्या मधोमध एक पातळ जीभ असते, तिच्या दोन्ही बाजूंना मिळून २४ पिना. खिशातली लव आत जाते आणि आपण दर वेळी केबल घालताना तीच लव तळाशी ठोकून ठोकून बसवतो. शेवटी केबल तळाला टेकतच नाही, केसभर बाहेर राहते, आणि मग काही पिना लागतात काही लागत नाहीत. म्हणून तर आधी फास्ट चार्जिंग जातं, मग वाकडं धरून चालतं, मग बंद. केबलच्या दोन्ही टोकांना टाइप-सी असेल तर त्यात सीसी म्हणून एक पिन असते, ती फोनला लागली नाही तर चार्जर करंट सोडतच नाही, त्याची रचनाच तशी आहे. म्हणजे चार्जर चांगला, केबल चांगली, फोन चांगला, आणि तरी काळा स्क्रीन. दिवसभर हेच काम करणाऱ्याला हे माहीत नसेल यावर मी विश्वास ठेवू? केबल 'टक' करून बसत नाही, हलते, अर्धवट बाहेर दिसते, हे तर हाताला कळतं ना बे!

वर काहीजण साफ करतात तेही कसं, तर स्टीलची सुई घालून खरवडतात. पीन वाकली की मग खरंच पट्टी बदलावी लागते, आणि 'बघा मी सांगितलं होतं ना'. आणि ते तांदळात ठेवा म्हणणारे शेजारी वेगळेच. ओल गेली असेल तर केबल काढून, पोर्ट खाली करून हवेशीर ठेवायचा, वाळू द्यायचा, तांदळाचा भुगा अजून आत कशाला घालता? ॲपलनं तर २०२४ मध्ये स्पष्ट सांगितलं तांदळात ठेवू नका म्हणून, तरी आमच्या गल्लीत अजून तांदूळच.

उन्हाळ्याचं तर बोलायलाच नको. एप्रिल-मेमध्ये इथं पारा चाळीसच्या पुढं, घरावर पत्रा, फोन आधीच भाजतोय, त्याला चार्जिंगला लावलं की तो चार्जिंग हळू करतो नाहीतर थांबवतोच, कारण लिथियम आयन बॅटरी साधारण ४५ डिग्रीच्या वर चार्ज करायची नसते, फोन स्वतःला वाचवत असतो. त्याला गारव्याला ठेवा, कव्हर काढा, थोड्या वेळानं लावा, होतो चार्ज. पण नाही, दुकानात नेला की 'बॅटरी फुगायलीय, बदला'. चांगल्या बॅटऱ्या काढून घेऊन लोकांच्या गळ्यात डुप्लिकेट मारल्यात ह्या नावाखाली, कितीजणांच्या.

कंपन्यांवर पण माझा राग आहेच. २०२० ला ॲपलनं आयफोन १२ च्या खोक्यातून चार्जर काढला, पर्यावरणाचं कारण देऊन, मग बाकीच्यांनी पण बरेच फोन तसेच द्यायला सुरुवात केली. ज्याच्या घरात चार चार्जर पडलेत त्याला काय फरक पडत नाही. पण जो माणूस पहिल्यांदा टाइप-सी फोन घेतोय तो मग फूटपाथवरून पन्नास रुपयाची केबल उचलतो, आत तारा केसाइतक्या, काहींमध्ये डेटाच्या तारा नाहीतच, फोन आणि चार्जरचं बोलणंच होत नाही, चार तास लावला तरी अर्धा. ॲडाप्टर घेताना त्यावर बीआयएसचं, म्हणजे भारतीय मानक ब्युरोचं, चिन्ह आणि 'आर' पासून सुरू होणारा नंबर बघून घ्या एवढं तरी दुकानदारानं सांगावं, तर तो सांगणार कसा, त्याच्याकडं तेच तर नसतं.

मी परत गेले त्या पट्टीवाल्याकडं, तो गोळा कागदात गुंडाळून घेऊन. काउंटरवर ठेवला. म्हणलं दादा ही तुमची पट्टी. तो काय म्हणला माहितीये? 'ताई, साफ करायचे पैसे कोण देतंय, लोक म्हणतात एवढंसं तर काम.' मग घ्या की पैसे! पन्नास घ्या, शंभर घ्या, बोर्ड लावा बाहेर की पोर्ट साफ करून मिळेल, आख्खी एमआयडीसी येईल तुमच्याकडं रांग लावून. कष्टाचे पैसे द्यायला कुणी नाही म्हणत नाही, पण न बिघडलेली वस्तू बिघडली म्हणून सांगून पैसे काढणं ही सरळ लूट आहे आणि मी त्याला लूटच म्हणणार.

बिल मागा. काय बिघडलं होतं ते बिलावर लिहून मागा. काढलेला पार्ट परत मागा. देत नसेल तर १९१५ ला ग्राहक हेल्पलाइन आहे, तिथं तक्रार करा, मराठीत बोलता येतं.

हे एवढं चिडून लिहितेय कारण अप्पांच्या बाजूच्या लूमवर एक मामा आहेत, त्यांचा फोन असाच बंद पडला होता. त्यांनी मालकाकडून उचल घेतली आणि आख्खी पट्टी बदलून आणली. बिल नाही, जुना पार्ट परत नाही, आणि हे असं कशानं झालं हेही कुणी सांगितलं नाही. उचल अजून पगारातून कापली जातेय आणि फोन परत वाकडी केबल धरूनच चार्ज करायलेत ते. उद्या अप्पांच्या डब्याबरोबर मीच जाणार आहे कारखान्यात, टूथपिकची डबी घेऊन, मामांचा आणि अजून ज्यांचे ज्यांचे असतील त्यांचे सगळे फोन साफ करून देणार आहे.