बॉबी ऑरच्या ‘त्या’ फोटोबद्दल खुलासा

आइस हॉकीपटू बॉबी ऑर हवेत आडवा झालेला जुना कृष्णधवल फोटो सध्या ग्रुपांवर फिरतोय. सोबतचा मजकूर असा: ‘1970च्या अंतिम फेरीत मालिका 3-3 अशी बरोबरीत असताना सातव्या सामन्यात ऑरने हवेत झेप घेऊन गोल केला.’ परवा मीही तो पुढे पाठवला होता, म्हणून दुरुस्ती करणं माझं काम आहे.

सातवा सामना झालाच नाही. स्टॅन्ली कप या उत्तर अमेरिकेतल्या आइस हॉकीच्या मानाच्या चषकाच्या त्या अंतिम फेरीत ऑरच्या बॉस्टन ब्रुइन्स संघाने सेंट लुईस ब्लूजला सलग चार सामन्यांत हरवलं. फोटो 10 मे 1970च्या चौथ्या सामन्यातला. 3-3 हा त्या सामन्याचा गोलफलक होता. गोंधळ बहुधा तिथेच झालाय.

जादा वेळेच्या 40व्या सेकंदाला ऑरने सहकारी डेरेक सँडरसनकडून आलेली रबरी चकती ब्लूजचा गोलरक्षक ग्लेन हॉलला चकवून आत सारली, तीही बर्फावर पाय असताना. मग ब्लूजच्या नोएल पिकार्डच्या स्टिकने त्याचा पाय उचलला गेला आणि तो उडाला. या गोलचं चित्रीकरण उपलब्ध आहे, संथ करून पाहा. फोटोतही त्याचे हात आनंदाने वर गेलेले दिसतात.

त्या मोसमात बचावपटू असूनही ऑरने 120 गुण (स्वतःचे गोल आणि इतरांच्या गोलला केलेलं साहाय्य मिळून) मिळवले आणि ब्रुइन्सना 29 वर्षांनी स्टॅन्ली कप मिळाला. एवढं खरं असताना वरून काही जोडायची गरजच नाही.

कृपया तो मजकूर पुढे पाठवू नका. फोटो पाठवायचाच असेल, तर खाली ‘चौथा सामना, गोल झाल्यानंतरचा क्षण’ एवढं लिहा.