चित्रपटांत प्राणी वापरण्यास सरसकट बंदी नाही

‘भारतात चित्रपट व मालिकांमध्ये जिवंत प्राणी दाखवणे हा गुन्हा आहे’ असा जो संदेश फिरतो आहे, तो चुकीचा आहे. प्राणी क्रूरता प्रतिबंधक अधिनियम, 1960 च्या कलम 22 खालील अधिसूचनेनुसार अस्वल, माकड, वाघ, बिबट्या आणि सिंह यांना खेळांसाठी शिकवण्यास व त्यांचे प्रदर्शन करण्यास मनाई आहे. 2011 साली त्यात बैलाचीही भर पडली.

घोडा, कुत्रा यांसारखे प्राणी मात्र 2001 च्या नोंदणी नियमांचे पालन करून वापरता येतात. त्यासाठी प्राण्याची नोंदणी, भारतीय जीवजंतु कल्याण मंडळाकडे चित्रीकरणापूर्वी केलेला अर्ज आणि पशुवैद्यकाचा दाखला आवश्यक असतो. घोडा पाडण्यासाठी तारा किंवा खड्डे वापरणे, प्राण्याला आगीजवळ नेणे, त्याला गुंगीचे औषध देणे, या गोष्टी नियमबाह्यच आहेत. सेन्सॉर मंडळाकडे जाताना जीवजंतु कल्याण मंडळाचे ना-हरकत प्रमाणपत्र जोडावे लागते, त्यामुळे पडद्यावरची ‘प्राण्यांना इजा झालेली नाही’ ही ओळ त्याला पर्याय ठरत नाही.