बावड्याला एका ओळीत गुंडाळू नका

कोल्हापूरच्या हद्दवाढीवरच्या, म्हणजे आसपासची गावं महापालिकेत घेण्यावरच्या, एका लेखात कसबा बावडा 'शहराचं एक उपनगर' म्हणून एका ओळीत गुंडाळलाय, ते मनाला लागलं. राजर्षी शाहू महाराजांचा जन्म १८७४ साली इथल्याच लक्ष्मी विलास पॅलेसमध्ये झाला. पावसाळ्यात अख्खं कोल्हापूर पंचगंगेवरच्या ज्या राजाराम बंधाऱ्याच्या पाणीपातळीवर डोळा ठेवून असतं, ३९ फुटांना इशारा अन् ४३ ला धोका, तोही बावड्याचाच. राजाराम साखर कारखानाही इथलाच. महापालिकेत असूनही शिवारात ऊस आहे, दारात म्हशी आहेत. हद्दवाढीला विरोध करणाऱ्या गावांना उपदेश करण्याआधी लेखकानं बावड्याच्या शेतकऱ्याशी बोलायला हवं होतं. शहराचा घरफाळा भरणाऱ्या या माणसाच्या पाणंदीकडं, शेताच्या वाटेकडं, कोण बघतं, हे तरी विचारायचं!