हागलकाईची साक्ष

डॉक्टर रिपोर्ट बघून म्हणाले, "एचबीए१सी ६.२. डायबेटिस नाही अजून, पण साखर बॉर्डरवर आहे."

म्हटलं, "त्यात नवीन काय ओ? आम्ही बेळगावकर १९५६ पासून बॉर्डरवरच हाय की!"

ते हसले नाहीत. मिठाईतला कुंदा बंद, करदंट बंद, एवढंच लिहून दिलं. कारलं त्यांच्या कागदावर नव्हतंच. ते गल्लीतल्या लोकांनी लिहून दिलं, फी न घेता.

बायको नेमकी खानापूरला माहेरी गेलेली. गणपत गल्लीत टोपली मांडून बसलेल्या मावशींनी विचारलं, "हागलकाई बेकेन्री काका?" म्हणजे कारली पाहिजेत काय? मी विचारलं, "कडू हाईत काय?" त्यांनी एकदा माझ्याकडे बघितलं, उत्तर द्यायच्या भानगडीत पडल्या नाहीत आणि अर्धा किलो तोलून पिशवीत टाकली.

बायकोला फोन लावला. खानापूरकडच्या रेंजचं काय सांगायचं! तुकड्या-तुकड्यानं जेवढं आलं तेवढं पाठ केलं. वरचे खडबडे खरवडा. चकत्या पातळ करा. बिया काढा. मीठ चोळून अर्धा तास ठेवा, घट्ट पिळा. झाकण अजिबात ठेवू नका, नाहीतर वाफेनं लगदा होतोय. आणि शेवटी म्हणे, "वरनं कारल्याची चटणी भुरभुरा."

कारल्यात कारल्याचीच चटणी? पण बायकोला उलट प्रश्न विचारायची आमच्यात पद्धत नाही. समोर ताटलीत खरवडलेल्या सालींचा हिरवागार चुरा होताच. म्हटलं, हीच ती चटणी. काय काटकसरी बाई आहे!

अर्ध्या तासानं चकत्या हातात घेऊन पिळल्या. बोटांच्या फटीतून गवतासारखं हिरवं पाणी वाटीत उतरलं. पाऊण वाटी कडूपणा बेसिनमध्ये ओतताना लढाई जिंकल्यासारखं वाटलं. कढईत मोहरी, हिंग, ठेचलेला लसूण, कडीपत्ता. त्यावर चकत्या. हे मात्र बघण्यासारखं असतंय. आधी त्या तेलात नुसत्या पडून राहतात, मग कडा तांबूस होऊन आत वळायला लागतात, आणि उलथन्याला लागून खुळखुळ वाजतात. काढायच्या राहिलेल्या दोन बिया फाटदिशी उडाल्या, एक चष्म्यावर आली. कांदा-लसूण चटणी घातली, सवयीनं मीठ घातलं (चोळलेलं आधीच आत होतं, हे मागनं आठवलं) आणि तो हिरवा चुरा मोठ्या मायेनं भुरभुरला.

चव बघितली. जीभ टाळूला चिकटून बसली, डोळे आपोआप मिटले, आणि लहानपणी दिलेला काढा कुठल्या वाटीतून दिला होता तेसुद्धा आठवलं.

मग चिंचेचा कोळ. मग गुळाचा एक खडा. काही फरक नाही. दुसरा खडा. तिसरा. चौथ्याला चमचा बाजूला ठेवून ढेपच कढईवर धरली आणि सुरीनं खरवडायला लागलो. साखर उतरावी म्हणून केलेल्या भाजीचा पाक सुटून ती तारेला आली.

वाटीभर शेजारच्या अक्कांकडे पोचवली. त्यांच्या यजमानांनी एक घास खाल्ला, डोळ्यांतलं पाणी आतच थोपवलं आणि म्हणाले, "छलो आग्येदरी." म्हणजे चांगली झालीया. सज्जन माणूस. परवा त्यांनी केलेल्या उप्पीटाला मीही असंच म्हटलं होतं.

अक्का आतनं आल्या, चकतीचा तुकडा तोंडात टाकला. "भाजी कुठं ओ ही? हे तर बेवु-बेल्ल, पाडव्याचा कडुलिंब-गूळ! युगादीला लई दिवस हाईत अजून."

मी यजमानांकडे बोट केलं. "ते चांगली म्हणाले की!"

"म्हणणारच," अक्का म्हणाल्या. "हागलकायिगे बेविनकायि साक्षी!" कारल्याला साक्षीदार कोण, तर कडुलिंबाची लिंबोळी. दोन्ही साक्षीदार मान खाली घालून उभे राहिलो.

रात्री बायकोचा फोन. नेमकी त्या वेळी रेंज लख्ख.

"कारळाची चटणी सापडली न्हवं? फडताळात खालच्या बरणीत ठेवलीया. आपली गुरेळाची ओ!"

मी गप्प.

"बरं, गूळ किती घातलात?"

"लिंबाएवढा."

"कुठलं लिंबू? कागदी का ईडलिंबू?"

"हॅलो... हॅलो... आवाज येईना बघ तुझा," मी म्हटलं.