‘मराठीत युद्धावर वाचण्यासारखं काही नाही’ असं म्हणणाऱ्यांसाठी

नागपुरातल्या वाचकांच्या ग्रुपांवर गेले काही महिने एक मजकूर फिरतो आहे. खाली कुणाचं नाव नाही, पण अंगठे भरपूर पडतात. त्याचा सारांश असा : मराठीत युद्धावर वाचण्यासारखं काही नाही, आहेत त्या राजेरजवाड्यांच्या कादंबऱ्या. युद्ध कळायचं असेल तर कादंबरीत वेळ न घालवता इतिहास वाचा, आणि त्यातही जो स्वतः लढला त्याचंच खरं माना. मराठी माणूस विजयाचे पोवाडे गातो, पराभवावर लिहीत नाही. बायकांना या विषयात गोडी नसते. विदर्भाने तर युद्ध पाहिलेलंच नाही. तेव्हा मुलांच्या हातात सरळ इंग्रजी पुस्तकं द्या.

मुलांनी इंग्रजी पुस्तकं वाचावीत, त्याला कुणाची ना आहे? पण हा मजकूर वाचून एखादा बाप मुलाला मराठी कपाटाकडे फिरकूच देणार नसेल, तर एकेक मुद्दा घेऊन उत्तर द्यायला हवं.

‘मराठीत युद्धावर काही नाही.’

असं वाटण्याचं एक साधं कारण आपल्या वाचनालयांतच आहे. मराठी वाचनालयात ‘युद्ध’ नावाचं कपाट सहसा नसतं. कादंबरी, चरित्र, इतिहास, प्रवास, अनुवादित अशी कपाटं असतात आणि युद्धाची पुस्तकं त्या सगळ्यांत विखुरलेली असतात. विश्राम बेडेकरांची ‘रणांगण’ कादंबरीत, वि. स. वाळिंब्यांचं ‘वॉर्सा ते हिरोशिमा’ इतिहासात, वि. ग. कानिटकरांचं व्हिएतनामवरचं पुस्तक राजकारणात. आणि गोडसे भटजींचा ‘माझा प्रवास’ नुसत्या नावामुळे तीर्थयात्रांच्या शेजारी जाऊन बसतो. एका जागी दिसत नाही, म्हणून नाहीच, असा समज होतो.

या ‘माझा प्रवास’वर मी जरा जास्त वेळ घेणार आहे. नागपूरकरांच्या रोजच्या वाटेवर त्याची आठवण करून देणारी जागा आहे. बर्डीवरून झाशी राणी चौकात आलं की राणीचा पुतळा दिसतो आणि तिथेच विदर्भ साहित्य संघाची वास्तू आहे. त्या चौकातून दिवसाला हजारो माणसं जातात. पुतळ्यातली राणी लढते आहे हे सगळ्यांना ठाऊक असतं. पण झाशी पडली तेव्हा शहरातल्या सामान्य माणसांचं काय झालं, हे डोळ्यांनी पाहून मराठीत लिहून ठेवणारा माणूस आपल्याकडे होऊन गेला, हे त्यातल्या किती जणांना ठाऊक असेल?

विष्णुभट गोडसे पेणजवळच्या वरसईचे गरीब भिक्षुक. मथुरेला बायजाबाई शिंदे मोठा यज्ञ करणार, दक्षिणा चांगली मिळेल, घरावरचं कर्ज फिटेल, या आशेने ते 1857 साली काकांबरोबर उत्तरेला निघाले आणि थेट बंडाच्या वणव्यात सापडले. 1858 च्या मार्च-एप्रिलमध्ये ह्यू रोजच्या फौजेने झाशीला वेढा घातला, तेव्हा ते शहरातच होते. शहर पडल्यावरची कत्तल, घराघरांतून झालेली लूट, जीव मुठीत धरून लपून काढलेला वेळ, राजवाड्यातल्या ग्रंथसंग्रहाची झालेली धूळधाण, हे सगळं त्यांनी लिहिलं आहे. हा माणूस शिपाई नाही, इतिहासकार नाही, कुणाचा भाट तर नाहीच नाही. त्याला दक्षिणेची चिंता आहे, पोटाची चिंता आहे, घरी वाट पाहणाऱ्या आईबापांची चिंता आहे. म्हणूनच त्याचं युद्ध आपल्याला आपलं वाटतं.

त्यातला विहिरीचा प्रसंग एकदा वाचला की विसरत नाही. झाशी गेल्यानंतर काल्पीच्या वाटेवर भटजी एका विहिरीपाशी असतात. तिथे पठाणी पोशाखातली, धुळीने माखलेली, तहानेने व्याकूळ झालेली राणी येते. भटजी पाणी काढून द्यायला पुढे होतात. ती म्हणते, तुम्ही विद्वान ब्राह्मण, माझ्यासाठी पाणी काढू नका. मग ती स्वतः मडकं विहिरीत सोडते, पाणी काढते आणि ओंजळीने पिते. सत्ता गेलेली, पाठलाग सुरू, आणि अशा वेळी दोन थकलेली माणसं एका विहिरीवर भेटतात. मराठीत युद्धावर काही नाही असं ज्यांना वाटतं, त्यांनी ही पानं वाचावीत आणि मग माझ्याशी वाद घालावा.

‘युद्ध कळायचं तर इतिहास वाचा, कादंबरी म्हणजे कल्पना.’

हा मुद्दा पानिपतच्याच कसोटीवर घासून पाहू. 14 जानेवारी 1761 या एका दिवसावर मराठीत बखरी आहेत, अस्सल पत्रं आहेत, त्र्यंबक शंकर शेजवलकरांचा इतिहास आहे आणि विश्वास पाटलांची 1988 सालची कादंबरीही आहे. शेजवलकरांनी पानिपताकडे बघण्याची दृष्टीच बदलली. भाऊसाहेबांवर सगळं खापर फोडून मोकळं होण्याची सवय त्यांनी मोडून काढली, मोहिमेमागचं राजकारण उलगडून दाखवलं. पण शेजवलकर वाचणारे वाचक मूठभर. ‘पानिपत झालं’ म्हणजे सगळं वाटोळं झालं, एवढंच ज्यांना माहीत होतं, त्या घरांत तो सगळा पट कादंबरीने नेला. उपाशी फौज, यात्रेकरूंचं लटांबर, यमुनेकाठी अडकून पडलेले ते महिने, हे सामान्य वाचकाला कादंबरीतून दिसलं. त्यातले कितीतरी जण मग अस्सल कागदांकडे वळले. म्हणजे इथे कादंबरीने इतिहासाची वाट अडवली नाही, उलट वाचक तिकडे धाडला.

दुसरं असं की काही गोष्टी इतिहास म्हणून लिहूच दिल्या जात नाहीत. वासिली ग्रॉसमन हा सोव्हिएत वार्ताहर स्टालिनग्राडच्या लढाईत प्रत्यक्ष हजर होता. पुढे त्याने त्या युद्धावर प्रचंड कादंबरी लिहिली. हिटलरची राजवट आणि स्टालिनची राजवट यांच्यातलं साम्य तिने उघड केलं होतं. 1961 मध्ये केजीबीने त्याच्या घरून हस्तलिखित नेलं, कार्बन प्रती नेल्या, टाइपरायटरच्या फिती सुद्धा नेल्या. ग्रॉसमन 1964 मध्ये गेला. पुस्तक परदेशात छापलं गेलं 1980 मध्ये. कादंबरी म्हणजे नुसती कल्पना असती, तर टाइपरायटरच्या फिती जप्त करायला माणसं कशाला आली असती?

आणि ‘रणांगण’? 1939 ची ही छोटीशी कादंबरी युरोपातून निघालेल्या एका बोटीवर घडते. नाव रणांगण, पण तीत एकही लढाई नाही. आहेत ती जर्मनीतून हाकललेली ज्यू माणसं, त्यांतली हॅर्टा, आणि तिच्यात गुंतत जाणारा चक्रधर. मुंबईला चक्रधर उतरतो, हॅर्टाला उतरता येत नाही. महायुद्धाने माणसांचं काय केलं, हे मराठी वाचकाला ज्या वर्षी ते युद्ध पेटलं त्याच वर्षी वाचायला मिळालं होतं. अवघ्या जगाच्या साहित्यात अशी उदाहरणं फार नाहीत, असं माझं ठाम मत आहे.

‘जो लढला त्याचंच खरं.’

लढलेल्या माणसाचा शब्द मोलाचा आहेच. पण तेवढाच खरा मानला तर गोडसे भटजींना बाद करावं लागेल, त्यांनी शस्त्र हातात धरलं नव्हतं. अॅन फ्रँकला बाद करावं लागेल. अमेरिकन यादवी युद्धावरची एक गाजलेली कादंबरी स्टीफन क्रेनने 1895 मध्ये लिहिली. तो जन्मला 1871 मध्ये, युद्ध संपून सहा वर्षं झाल्यावर.

शिवाय आठवण ही आठवण असते. भटजींनी ‘माझा प्रवास’ घडल्या गोष्टींनंतर पंचवीसेक वर्षांनी लिहून काढला. 1907 मध्ये तो प्रथम छापला तेव्हा चिंतामणराव वैद्यांनी भाषेवर आणि मजकुरावर हात फिरवला होता. मूळ हस्तलिखितावरून केलेली प्रत दत्तो वामन पोतदारांनी 1966 मध्ये काढली. म्हणजे एकाच माणसाच्या एकाच आठवणीचे दोन चेहरे वाचकांसमोर आहेत. म्हणून भटजी खोटे ठरत नाहीत. मात्र आठवण वाचताना शेजारी इतिहास ठेवावा लागतो, आणि इतिहास वाचताना आठवण. यातलं एक घ्या, दुसरं टाका, असा सल्ला देणाऱ्याने दोन्ही एकत्र वाचून पाहिलेलं दिसत नाही.

‘मराठी माणूस पराभवावर लिहीत नाही.’

हा मुद्दा वाचून मला खरोखर वाईट वाटलं. पानिपत हा पराभवच आहे आणि अडीचशेहून अधिक वर्षं आपण त्यावर लिहितो आहोत. पण ते जुनं म्हणून बाजूला ठेवू आणि 1962 घेऊ. मेजर जनरल शशिकांत पित्रे यांनी ‘न सांगण्याजोगी गोष्ट’ हे पुस्तक चीनकडून झालेल्या त्या पराभवावरच लिहिलं. लष्करात हयात घालवलेला माणूस आपल्याच लष्कराच्या आणि आपल्याच सरकारच्या चुका मराठीत मांडतो, याला काय म्हणायचं? लेफ्टनंट कर्नल श्याम चव्हाणांचं ‘वालाँग : एका युद्धकैद्याची बखर’ तर शत्रूच्या कैदेतून परतलेल्या अधिकाऱ्याने लिहिलेलं आहे. कैद सांगायला निराळं धैर्य लागतं. लढताना पडलेल्याचा गौरव सगळे करतात. जिवंत पकडला गेलेल्याला घरी आल्यावर नातेवाइकांच्या नजरांनाही तोंड द्यावं लागतं. अशी पुस्तकं हातात न घेता सगळ्या मराठी माणसांवर शिक्का मारणं हा त्या लेखकांवर अन्याय आहे.

‘बायकांना गोडी नसते.’

स्वेतलाना अलेक्सिएविच या बेलारूसच्या लेखिकेने दुसऱ्या महायुद्धात सोव्हिएत बाजूने लढलेल्या शेकडो बायकांच्या तोंडून ते युद्ध ऐकलं. नर्सा, नेमबाज, वैमानिक, कपडे धुणाऱ्या, सगळ्या. त्या युद्धात सोव्हिएत फौजेत 8 ते 10 लाख बायका होत्या. त्यावरचं तिचं पुस्तक 1985 मध्ये आलं आणि पुढे 2015 मध्ये तिला नोबेल मिळालं. या मुद्द्यावर याहून जास्त शब्द खर्च करायची गरज मला वाटत नाही.

‘विदर्भाने युद्ध पाहिलेलं नाही.’

हे वाक्य नागपुरात बसून लिहिलं असेल, तर लिहिणाऱ्याने एकदा सीताबर्डीच्या टेकडीकडे मान वर करून पाहावं. 26 नोव्हेंबर 1817 ची संध्याकाळ ते 27 तारखेची दुपार, नागपूरचे राजे आप्पासाहेब भोसले यांची फौज आणि त्यांच्या दरबारातला इंग्रजांचा प्रतिनिधी, म्हणजे रेसिडेंट, जेंकिन्स याच्या रक्षणाला असलेली ईस्ट इंडिया कंपनीची तुकडी इथेच भिडली होती. कंपनीची माणसं थोडी, भोसल्यांची फौज कितीतरी पट मोठी. सकाळी अरब शिपायांनी धाकटी टेकडी घेतली, तेव्हा पारडं भोसल्यांकडे झुकलं होतं. मग कॅप्टन फिट्झजेराल्डच्या घोडदळाने मैदानात उतरून हल्ला चढवला आणि लढाई फिरली. डिसेंबरात नागपूर पडलं. आप्पासाहेब कैद झाले, निसटले, रानोमाळ भटकले आणि शेवटी 1840 मध्ये जोधपूरला वारले. आज आपण त्या टेकड्यांच्या पायथ्याशी कपडे खरेदी करतो, मेट्रो पकडतो.

बरं, नागपूरचं युद्ध इथेच संपत नाही. 1938 मध्ये चीनमधल्या जखमींसाठी भारतातून पाच डॉक्टरांचं पथक गेलं. सोलापूरच्या डॉ. द्वारकानाथ कोटणिसांचं नाव सगळ्यांना माहीत आहे. त्याच पथकात आपल्या नागपूरचे डॉ. चोळकर होते. वयाने सगळ्यांत थोरले, आणि तरीही गेले. कामठीची छावणी दोनशे वर्षांची आहे, आणि 1971 मध्ये परमवीरचक्र मिळवणारे लान्स नायक अल्बर्ट एक्का ज्या ब्रिगेड ऑफ द गार्ड्सचे, तिचं केंद्र आज तिथेच आहे.

मजकूर लिहिणाऱ्याची एक तक्रार मात्र खरी ठरली असती, जर त्याने ती नेमकी केली असती. सीताबर्डीच्या लढाईचे बारकावे आपण आजही बहुतेक इंग्रज अधिकाऱ्यांच्या अहवालांतून वाचतो. काशीराव राजेश्वर गुप्ते यांची ‘नागपूरकर भोसल्यांची बखर’ मराठीत आहे, पण ती सुद्धा जेंकिन्सच्या सांगण्यावरून लिहिलेली, म्हणजे जिंकलेल्याने हरलेल्यांच्या कारकुनाकडून लिहवून घेतलेली. या. मा. काळ्यांनी 1934 मध्ये ‘नागपूर प्रांताचा इतिहास’ सिद्ध केला, त्यात फार मोलाचं काम आहे. पण त्या लढाईत टेकडीवर चढलेला अरब शिपाई, महालात दारं लावून बसलेलं एखादं कुटुंब, तोफांना बैल जुंपणारा गाडीवान, यांच्या बाजूने गोडसे भटजींसारखा एकही माणूस आपल्याला बोलताना ऐकू येत नाही. झाशीला वरसईचा भिक्षुक मिळाला, नागपूरला मिळाला नाही. ‘सीताबर्डीची लढाई हरलेल्यांच्या बाजूने कुणीतरी लिहा’ एवढंच त्या मजकुरात असतं, तर मी तो स्वतः दहा ग्रुपांवर पाठवला असता.